शेणकिड्याला टोपी कुणी घातली?

शेणकिडा पाहिलाय का तुम्ही? पावसाळ्यात गावाकडे, गुरं जातात त्या वाटेवर नीट बघितलं तर सापडतो. काळा कुळकुळीत, टणक पाठीचा. शेणाचा गोल गरगरीत गोळा करतो, पुढचे पाय जमिनीवर रोवतो, मागचे पाय गोळ्यावर ठेवतो आणि ढकलत सुटतो. म्हणजे चालतो उलटा, तेही डोकं खाली करून! गोळा बहुतेक वेळा त्याच्यापेक्षा मोठा असतो, पण गडी काही थांबत नाही.

आता मला सांगा, अशा किड्याच्या डोक्यावर कुणी टोपी घालेल का?

घातली! दक्षिण आफ्रिकेत, रात्रीच्या अंधारात, चांगल्या नावाजलेल्या शास्त्रज्ञांनी घातली. स्वीडनच्या लुंड विद्यापीठातल्या मारी डाके आणि त्यांच्या सहकाऱ्यांना एक कोडं पडलं होतं. शेणाच्या ढिगापाशी नेहमीच मारामारी चाललेली असते. एकाने कष्टाने गोळा वळला की दुसरा आयता पळवायला टपलेला. त्यामुळे गोळा तयार झाला की शेणकिडा ढिगापासून सरळ रेषेत लांब पळतो. सरळच का? कारण वाट वाकडी झाली तर तो गोल फिरून परत त्याच चोरांच्या गर्दीत यायचा. दिवसा तो सूर्य बघून रेघ सरळ ठेवतो, रात्री चंद्र बघून. पण काही जातीचे शेणकिडे चंद्र नसलेल्या रात्रीसुद्धा नाकासमोर चालतात. ते कशाकडे बघत असतील?

म्हणून टोप्या. काळ्या पुठ्ठ्याच्या, इवल्याशा. टोपीमुळे वरचं आकाश झाकलं गेलं आणि शेणकिडा भरकटला, वेड्यावाकड्या वाटेने फिरत राहिला. काहींना पारदर्शक टोपी घातली, तर ते मजेत सरळ गेले. म्हणजे टोपीचं ओझं झालं म्हणून नव्हे, तर आकाश दिसेना म्हणून वाट चुकत होती. मग शास्त्रज्ञांनी शेणकिडे उचलले आणि थेट जोहान्सबर्गच्या तारांगणात नेले. हो, आपण शाळेच्या सहलीत जातो तसल्याच तारांगणात! तिथे घुमटावर हवं ते आकाश दाखवता येतं. आधी सगळे तारे दाखवले. मग सगळं घालवून फक्त आकाशगंगेचा पट्टा ठेवला. तेवढ्या पट्ट्यावरसुद्धा शेणकिडे जवळजवळ तितकेच सरळ चालले. त्यांच्या डोळ्यांना बहुतेक सुटे तारे दिसतच नाहीत, पण आकाशाला आडवा गेलेला तो दुधाळ पट्टा दिसतो. हे संशोधन २०१३ साली छापून आलं. आकाशगंगा बघून दिशा ठरवणारा प्राणी असा आपल्याला माहीत झालेला हा पहिलाच.

थांबा, गोष्ट अजून संपलेली नाही. २०२१ साली डाके यांच्याच गटाने आणखी एक प्रयोग छापला. या वेळी त्यांनी शेणकिड्यांना दोन जागी सोडलं. एक जागा शहरापासून दूर, काळ्याभोर आकाशाखाली. दुसरी थेट जोहान्सबर्ग शहरात, एका इमारतीच्या गच्चीवर. काळ्या आकाशाखाली प्रत्येक शेणकिडा आपापली दिशा धरून गेला, एक इकडे, एक तिकडे. शहरात मात्र बरेच जण एकाच बाजूला निघाले, जिथे झगझगीत दिवे होते तिकडे! आणि जिथे दिवे समोर दिसत नव्हते, नुसतं आकाश उजळलेलं होतं, तिथे त्यांना दिशाच नीट धरता येईना. सगळेच एका बाजूला गेले तर चोरापासून पळून उपयोग काय?

शहरात शेणकिड्याला टोपी घालावीच लागली नाही. आकाश आधीच झाकलं गेलं होतं, उजेडाने.

उजेडाने काही झाकलं जातं, हे ऐकायला विचित्र वाटतं ना? आपल्याला शिकवलेलं असतं की उजेड आला की दिसतं आणि अंधार झाला की दिसत नाही. जमिनीवरच्या गोष्टींचं तसंच आहे. ताऱ्यांचं उलटं आहे. तारे दुपारीही आकाशात असतात, पण सूर्याच्या उजेडाने हवाच इतकी उजळते की त्यांचा मंद प्रकाश आपल्याला वेगळा ओळखता येत नाही. रात्री शहरात हेच काम आपले दिवे करतात. रस्त्यावरचा दिवा खरं तर रस्त्यासाठी लावलेला. पण गोल हंडीचा किंवा तिरपा बसवलेला दिवा असला तर त्याचा बराच उजेड आडवा आणि वर जातो. कुंडीतल्या रोपाला पाणी घालायला नळी धरावी आणि अर्धं पाणी आभाळात उडवावं, तसं हे. पाण्याचं निदान आपल्या डोक्यावर पडल्यावर कळतं. उजेड वाया गेलेला कुणाच्या लक्षातही येत नाही.

वर गेलेला हा उजेड हवेतल्या रेणूंना, धुळीच्या कणांना, पाण्याच्या थेंबांना धडकतो आणि विखुरतो. त्यातला काही परत खाली येतो. म्हणूनच शहरावर रात्रभर एक फिकट झाक असते. सह्याद्रीतल्या एखाद्या गडावर मुक्काम केलात तर रात्री क्षितिजाकडे बघा. मुंबई, पुणे, नाशिक कुठल्या बाजूला आहे हे नकाशाशिवाय सांगता येईल. हवा निळा प्रकाश जास्त विखुरते, दिवसा आकाश निळं दिसतं त्याचं कारणही तेच. त्यामुळे पिवळट दिव्यापेक्षा निळसर पांढरा दिवा आकाश जास्त उजळवतो. आपल्या रस्त्यांवर पूर्वी सोडियमचे नारिंगी दिवे असायचे, आता पांढरे एलईडी आले. वीज वाचली हे चांगलंच झालं. पण जिथे तिथे भडक पांढरा एलईडी लावला गेला, तिथे आकाशाला मात्र त्याची किंमत मोजावी लागली.

किती जणांना आज आकाशगंगा दिसत नाही, माहीत आहे? २०१६ साली शास्त्रज्ञांनी उपग्रहांच्या मदतीने रात्रीच्या उजळलेल्या आकाशाचा जगाचा नकाशा तयार केला. त्यातून कळलं की जगातल्या सुमारे एक तृतीयांश माणसांना आपल्या राहत्या घरापासून आकाशगंगा दिसत नाही. खरोखर काळोख्या जागी, स्वच्छ हवेत, नुसत्या डोळ्यांना एका वेळी अडीच-तीन हजार तारे दिसू शकतात. मुंबईच्या एखाद्या चौकात उभं राहून मोजाल तर हाताची बोटं पुरतील.

१७ जानेवारी १९९४ ला अमेरिकेतल्या लॉस एंजेलिस शहराला पहाटे साडेचारच्या सुमाराला भूकंपाचा मोठा धक्का बसला. वीज गेली. लोक घाबरून घराबाहेर आले आणि त्यांनी वर बघितलं. नंतर तिथल्या ग्रिफिथ वेधशाळेत फोन येऊ लागले. आकाश भलतंच विचित्र दिसत होतं, त्याचा भूकंपाशी काही संबंध आहे का, असं लोक विचारत होते. विचित्र काहीच नव्हतं. रोजचंच आकाश होतं ते. आयुष्यभर त्या शहरात राहून त्यांनी ते कधी बघितलेलंच नव्हतं. मला या गोष्टीचं वाईट वाटतं. भूकंपाच्या भीतीने थरथरणाऱ्या माणसाला आणखी भीती वाटावी, तीही ताऱ्यांची!

आता घरातल्याच एका कोड्याकडे वळू. पहिला पाऊस पडून गेल्यावरची संध्याकाळ आठवा. खिडकी उघडी राहिली की दिव्याभोवती हा गोंधळ. पंख फुटलेली वाळवी, पतंग, हिरवे तुडतुडे, कुठूनसा आलेला भुंगा. सगळे दिव्याभोवती गरगरताहेत, आपटताहेत, ताटात पडताहेत. शेवटी आई म्हणते, दिवा बंद करा आणि जेवण आटोपून घ्या.

हे किडे दिव्याकडे का येतात? लोक हजारो वर्षं हे बघत आलेत आणि तऱ्हेतऱ्हेची उत्तरं देत आलेत. कुणी म्हणे त्यांना उजेड आवडतो, कुणी म्हणे ते दिव्यालाच चंद्र समजतात. २०२४ च्या जानेवारीत सॅम्युएल फॅबियन, यश सोंधी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याचं उत्तर प्रसिद्ध केलं. त्यांनी अतिशय वेगवान कॅमेरे लावून दिव्याभोवतीच्या कीटकांचं उडणं टिपलं, आणि मग ते सावकाश चालवून बघितलं. त्यांना काय दिसलं? किडा दिव्याकडे झेपावतच नव्हता. तो दिव्याकडे पाठ करत होता!

का, ते नीट समजून घेऊ. हवेत उडणाऱ्या एवढ्याशा जिवाला वर कुठे आणि खाली कुठे हे कसं कळणार? आपल्याला जमिनीवर उभं असताना वजनाने कळतं. गिरक्या घेत उडणाऱ्या किड्याला तेवढ्यावर भागत नाही. पण कोट्यवधी वर्षं एक गोष्ट पक्की होती. रात्र कितीही काळी असली, तरी आकाश जमिनीपेक्षा थोडं उजळच असायचं. म्हणून जिकडे उजेड तिकडे पाठ करायची, की झालं, आपण सुलटे! साधा सोपा नियम, आणि कधी न चुकणारा.

मग आपण दिवा लावला. आता किडा दिव्याच्या बाजूने जात असला की त्याची पाठ दिव्याकडे कलते. कलला की तो वळतो. वळला की पुन्हा पाठ कलते. असा तो दिव्याभोवती फेऱ्या मारत राहतो. दिव्याच्या बरोबर वरून गेला तर उजेड त्याच्या पोटाकडून येतो, मग तो हवेतच उताणा होतो आणि धप्पकन खाली पडतो. त्याला दिवा हवा असतो म्हणून नव्हे, तर वर कुठे तेच त्याला कळेनासं झालेलं असतं. पुढच्या वेळी दिव्याखाली उताणा पडलेला पतंग दिसला तर त्याच्याकडे या नजरेने बघा. आणि हो, सगळ्याच कीटकांचं असं होत नाही. कण्हेरीची पानं खाणारी जाडजूड हिरवी अळी असते ना, तिचा होणारा मोठा पतंग या प्रयोगात दिव्यावरून सरळ उडून गेला. त्याला हे कसं साधतं, ते शोधायला तुमच्यातलंच कुणी पुढे यावं.

रात्रभर फेऱ्या मारून दमलेला पतंग एक तर पालीच्या तोंडी जातो, नाही तर सकाळी कोपऱ्यात मरून पडलेला सापडतो. मेला तर मेला, एक किडा तर होता, असं म्हणू नका. रात्री उमलणारी बरीच पांढरी, घमघमणारी फुलं या पतंगांच्याच भरवशावर असतात. परागकण इकडून तिकडे नेणारे रात्रपाळीचे कामगार तेच. स्वित्झर्लंडमध्ये काही कुरणांत मुद्दाम रस्त्यावरचे दिवे लावून पाहिले, तर तिथल्या फुलांवर रात्री येणाऱ्या कीटकांच्या भेटी ६२ टक्क्यांनी कमी झाल्या. एका जातीच्या रोपांना फळंही कमी धरली. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेला हा अभ्यास आहे. दिवसा मधमाश्या येत होत्याच, पण रात्रपाळीची भरपाई त्यांना करता आली नाही.

काजव्यांचं दुःख आणखी वेगळं आहे. त्यांचा तर सगळा संसारच उजेडावर चालतो, पण स्वतःच्या उजेडावर. मे महिना संपता संपता, वळवाचे दोन-चार शिडकावे झाले की भंडारदरा, कळसूबाईचा परिसर, पुरुषवाडी, राजमाची इथल्या झाडांवर काजवे चमकू लागतात. काही झाडांवर तर इतके, की सगळं झाड एका दमात लुकलुकतं. काजव्याच्या पोटात ल्युसिफेरिन नावाचं रसायन असतं. त्याला ऑक्सिजन मिळाला की उजेड पडतो, आणि तो जवळजवळ थंड असतो. बल्बसारखा चटका नाही. नर उडता उडता ठरावीक तालात उघडझाप करतो. प्रत्येक जातीचा ताल वेगळा. गवतात किंवा झुडपात बसलेली मादी आपल्या जातीचा ताल ओळखते आणि तितक्याच मोजून मापून उत्तर देते. नर तिच्याकडे उतरतो. एवढ्या एका भेटीसाठी सगळी धडपड, कारण पंख फुटलेला काजवा काही थोडेच आठवडे जगतो. त्याचं बाकीचं आयुष्य अळीच्या रूपात, ओल्या मातीत आणि पालापाचोळ्यात गोगलगायी खाण्यात जातं.

आता या कुजबुजीत गाडीचा हेडलाइट घुसला तर? मादीला नराचा ताल दिसतच नाही. नराला तिचं उत्तर सापडत नाही. भेट होत नाही, अंडी पडत नाहीत आणि पुढच्या वर्षी झाडावर तेवढे काजवे कमी. काजवे बघायला दर वर्षी गाड्यांच्या रांगा लागतात. येणारा प्रत्येक जण काजव्यांवरच्या प्रेमानेच येतो. पण येताना हेडलाइट, मोबाइलची बॅटरी, फ्लॅश सगळं घेऊन येतो आणि झाडाखालचं गवत तुडवतो. त्याच गवतात मादी बसलेली असते. तुम्ही जाणार असाल तर गाडी लांब ठेवायला लावा, वाटेपुरती विजेरी पायाशी धरा, तिच्यावर लाल जिलेटीन कागद लावा, आणि झाडापाशी पोहोचलात की तीही बंद करा. मोठ्यांना हे सांगायला अजिबात लाजू नका. फोटोत काजवे नीट येतही नाहीत, डोळ्यांनीच छान दिसतात.

तुमच्या डोळ्यांबद्दलही एक गंमत सांगते. डोळ्यांच्या पडद्यावर दोन तऱ्हेच्या पेशी असतात. शंकुपेशी रंग बघतात, पण त्यांना उजेड भरपूर लागतो. दंडपेशी अगदी मंद उजेडात काम करतात, मात्र त्यांना तयार व्हायला वेळ हवा, चांगली वीस-तीस मिनिटं. त्या काळात त्यांच्यात एक प्रकाश टिपणारं द्रव्य साठत जातं. मध्येच कुणी मोबाइल उघडला की ते द्रव्य विरतं आणि वाट बघणं पहिल्यापासून सुरू! लाल उजेडाचा दंडपेशींवर फार कमी परिणाम होतो, म्हणूनच आकाश बघणारे लोक लाल विजेरी वापरतात.

कोकणात चला आता. रत्नागिरी जिल्ह्यातल्या वेळास गावाचं नाव तुम्ही ऐकलं असेल. थंडीच्या दिवसांत ऑलिव्ह रिडले जातीच्या समुद्री कासवांच्या माद्या तिथे रात्री वाळूत येतात, खड्डा करून सुमारे शंभर अंडी घालतात आणि परत जातात. २००२ पासून चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने गावकऱ्यांना बरोबर घेऊन ही अंडी जपायला सुरुवात केली. तिथला कासव महोत्सव तर आता दूरदूरच्या लोकांना माहीत झालाय. गोव्यातही मोरजी, आगोंद, गालजीबाग या किनाऱ्यांवर कासवं येतात.

दीड-दोन महिन्यांनी पिल्लं वाळू उकरून वर येतात, बहुतेक वेळा रात्री. आई जवळ नसते. वाट दाखवणारं कुणी नाही. एवढ्याशा पिल्लाने समुद्र कुठे आहे हे कसं ओळखावं? त्याच्या जन्माबरोबर एक नियम आलेला असतो. जिकडे क्षितिज खाली आणि उजळ, तिकडे जायचं. ताऱ्यांचा आणि चंद्राचा उजेड पाण्यावर पडतो म्हणून समुद्राची बाजू उजळ. सुरू, केवडा, माड आणि वाळूचे उंचवटे यांची बाजू काळी. पण काळ्या बाजूला हॉटेलचा फोकस लागलेला असला तर पिल्लू समुद्राकडे पाठ करून त्या फोकसकडे चालू लागतं. चालून चालून थकतं. सकाळी ऊन, कावळे आणि कुत्री असतातच. किनाऱ्यावरच्या दिव्यांना आडोसा करायचा, ते खाली वळवायचे आणि रंग पिवळसर नारिंगी ठेवायचा, एवढ्याने खूप फरक पडतो. अमेरिकेत फ्लोरिडाच्या कासवांच्या किनाऱ्यांवर बऱ्याच ठिकाणी तसे नियमच आहेत.

पक्ष्यांचंही थोडक्यात सांगते. न्यूयॉर्कमध्ये दर वर्षी ११ सप्टेंबरला, २००१ च्या हल्ल्यात गेलेल्या माणसांच्या आठवणीसाठी ८८ प्रखर दिव्यांचे दोन झोत आकाशात सोडतात. नेमके तेच दिवस हजारो पक्ष्यांच्या रात्रीच्या स्थलांतराचे. पक्षी त्या झोतात अडकून घिरट्या घालत राहतात. सात वर्षांतल्या सात रात्री मिळून सुमारे ११ लाख पक्ष्यांना याचा त्रास झाला, असं शास्त्रज्ञांनी मोजलं. मग तिथल्या लोकांनी छान तोड काढली. पक्षी फार जमले की झोत वीस मिनिटं बंद. लगेच पक्षी पांगतात आणि आपल्या वाटेला लागतात. माणसांची आठवणही राहते आणि पक्षीही. मिरवणुकीत आभाळभर फिरणारे शार्पी दिव्यांचे झोत लावणाऱ्यांनीही एवढा विचार करायला हरकत नाही.

आणि शेतात? सोयाबीन आपल्याकडे विदर्भ-मराठवाड्यात केवढं पेरतात! हे झाड रात्रीची लांबी मोजतं. रात्र पुरेशी मोठी झाली की त्याला फुलायची वेळ कळते. रस्त्यावरच्या दिव्याच्या अगदी जवळच्या ओळींना रात्र संपल्यासारखीच वाटते, म्हणून त्या फुलायला आणि पिकायला उशीर करतात. बाकी शेत पिवळं पडलं तरी दिव्याखालचा तुकडा हिरवाच. तुमच्या शेताजवळ दिवा असेल तर या हंगामात जाऊन बघा आणि आजोबांना विचारा, त्यांच्या हे आधीच लक्षात आलेलं असेल.

तुमच्या डोक्यात एक प्रश्न आला असणार. मग काय सगळीकडे अंधार करायचा? साप असतात, बिबट्या असतो, रात्री क्लासवरून घरी यायचं असतं. अगदी बरोबर. वाटेवर उजेड हवाच आणि हातात विजेरीही हवी. पण उघडा भगभगीत दिवा डोळ्यांवर आला की त्याच्यामागच्या सावलीतलं काहीच दिसत नाही, हे कधी अनुभवलंय? त्याच दिव्याला वरून आणि बाजूने झाकण असलं तर कमी विजेत रस्ता जास्त चांगला दिसतो. प्रश्न उजेड किती यापेक्षा तो कुठे पडतो, कुठल्या रंगाचा आणि किती वेळ, हा आहे.

हे खरंच जमतं, आणि आपल्या महाराष्ट्रातच जमलंय. नागपूर जिल्ह्यातल्या पेंच व्याघ्र प्रकल्पाच्या भोवती वाघोली, सिल्लारी, पिपरिया आणि खापा अशी गावं आहेत. तिथले रस्त्यांवरचे आणि सार्वजनिक जागांवरचे शंभराहून अधिक दिवे बदलून उजेड खाली पडेल असे बसवले. गावं अंधारात गेली नाहीत, नुसता आकाशातला उजेड खाली आला. जानेवारी २०२४ मध्ये डार्कस्काय इंटरनॅशनल या संस्थेने पेंचला डार्क स्काय पार्क म्हणून मान्यता दिली. भारतातलं ते पहिलं आणि आशियातलं पाचवं. तिकडे लडाखमध्ये हानले इथे, सुमारे साडेचार हजार मीटर उंचीवर, आपली मोठी वेधशाळा आहे. तिच्याभोवतीचा परिसरही २०२२ पासून काळ्या आकाशासाठी राखून ठेवलाय. तिथल्या गावकऱ्यांनी दुर्बिणी चालवायचं शिक्षण घेतलंय आणि आता पाहुण्यांना आकाश तेच दाखवतात.

पेंचच्या त्या भागात गोंड लोकांची वस्ती आहे. त्यांच्या कथेत सप्तर्षींच्या चौकोनाची एका म्हातारीची खाट होते, आणि शेपटीतले तीन तारे म्हणजे ती खाट पळवायला आलेले तीन चोर! ही गोष्ट सांगायची तर आजीने बोट वर करून दाखवलं पाहिजे आणि नातवाला खाट दिसली पाहिजे. नाही तर चोर कुठले आणि खाट कुठली?

तुम्ही काय करू शकता? घरातल्या बल्बचा खोका शोधा. त्यावर २७००, ३०००, ४००० किंवा ६५०० असा आकडा आणि पुढे के असं लिहिलेलं असतं. आकडा जितका मोठा तितका उजेड निळसर. गच्चीवर, अंगणात, फाटकावर २७०० किंवा ३००० चा बल्ब पुरतो. सोसायटीच्या सभेत किंवा ग्रामपंचायतीत बाबांबरोबर जाऊन विचारा, की आपल्या दिव्यांना झाकण का नाही आणि गच्चीवरचा मोठा फोकस रात्री अकरानंतर कुणासाठी चालू असतो. मुलांनी विचारलं की मोठी माणसं जरा जास्त लक्ष देतात, हे माझं बघून ठरलेलं मत आहे. बाकीच्या प्रदूषणाचं सावट वर्षानुवर्षं रेंगाळतं. नदी साफ व्हायला किती काळ लागतो, विचारा! उजेडाचं प्रदूषण मात्र बटण दाबलं की त्याच क्षणी संपतं.

आणि एक काम खास तुमच्यासाठी. २०२३ साली एक मोठा अभ्यास छापून आला. त्यात २०११ ते २०२२ या काळातल्या ५१ हजारांहून अधिक नोंदी होत्या, आणि त्या सगळ्या साध्या लोकांनी, तुमच्या-माझ्यासारख्यांनी, नुसत्या डोळ्यांनी तारे बघून केलेल्या. बहुतेक युरोप आणि उत्तर अमेरिकेतल्या. त्यांवरून कळलं की रात्रीचं आकाश दर वर्षी सरासरी सुमारे १० टक्क्यांनी जास्त उजळतंय. म्हणजे आज जिथून २५० तारे दिसतात, तिथे आज जन्मलेल्या बाळाला अठराव्या वर्षी १०० च तारे दिसतील. आपल्याकडच्या अशा नोंदी मात्र फारच थोड्या आहेत.

म्हणून जानेवारी ते मार्च या काळात, अमावास्येच्या आसपासची निरभ्र रात्र निवडा. मोठ्या माणसाला बरोबर घ्या आणि आठच्या सुमाराला गच्चीवर किंवा अंगणात जा. वीस मिनिटं मोबाइल बंद. मग मृग नक्षत्र शोधा. चार कोपऱ्यांत चार ठळक तारे, हे मृगाचे चार पाय. त्यांतला एक तांबूस, तो काक्षी. त्याच्या समोरच्या कोपऱ्यातला निळसर पांढरा, तो राजन्य. मधे एका ओळीत तीन तारे, तो मृगाच्या पोटात रुतलेला बाण. बाणाच्या रेषेत खाली गेलात की लखलखीत व्याध. आता चार पायांच्या आतले सगळे तारे मोजा, बाणाचे तीन धरून. एकदा मोजलेत की भावंडाला मोजायला सांगा, आणि दोघांचे आकडे वेगवेगळे लिहा. बाणाच्या खाली जरा डावी-उजवीकडे डोळे फिरवून एखादा धूसर ठिपका दिसतो का, तेही टिपा. तो तारा नाही, तिथे नवे तारे जन्माला येताहेत.

सुटीत गावी गेलात की तिथेही हेच करा. मग तारीख, वेळ, गावाचं नाव, आकडे आणि जवळपास दिसणाऱ्या दिव्यांची संख्या एका पोस्टकार्डावर लिहून आमच्याकडे पाठवा. आकडा तीन आला तरी पाठवा, तीससुद्धा. आलेली सगळी पत्रं महाराष्ट्राच्या नकाशावर मांडून आम्ही मे महिन्याच्या अंकात छापू.